‘बार्बेरियन्स’चा पहिला भाग: गावात शिरलेली परकी भाषा

माझी भाची गेली दोन वर्षे पुण्यात जर्मन शिकत आहे, आणि अभ्यासाच्या नावाखाली मालिका पाहण्याची तिची सवय घरातल्या सर्वांनी आता मुकाट्याने मान्य केली आहे. तिच्याच आग्रहावरून ‘बार्बेरियन्स’ या नेटफ्लिक्सवरील जर्मन मालिकेचा पहिला भाग आम्ही दोघांनी एकत्र पाहिला. पडद्यावरची खेड्यातली माणसे बोलत होती तोवर ती उपशीर्षकांकडे न पाहता निवांत ऐकत होती. पण रोमन अधिकारी आले आणि त्यांच्या तोंडून लॅटिन बाहेर पडले, तशी ती एकदम सावरून बसली आणि खालची अक्षरे वाचू लागली. त्या क्षणी मला पडद्यापेक्षा तिचीच हालचाल अधिक बोलकी वाटली. दोन हजार वर्षांपूर्वी ऱ्हाइन नदीच्या पलीकडच्या एखाद्या वस्तीत वसुलीसाठी रोमन पथक शिरले असेल, तेव्हा तिथल्या माणसांचीही काहीशी अशीच गत झाली असणार.

‘बार्बेरियन’ या शब्दाचे मूळ ग्रीक आहे. ज्याचे बोलणे कानाला ‘बर्बर’ असे निरर्थक ऐकू येते तो परका, एवढाच त्याचा पहिला अर्थ होता. रानटीपणा त्याला नंतर चिकटला. संस्कृतातून आपल्याकडे आलेला ‘बर्बर’ शब्द याच जातकुळीचा आहे, आणि ‘म्लेच्छ’ या शब्दाचा उगमही अस्पष्ट बोलण्यातच सांगितला जातो. मालिकेच्या कर्त्यांनी हा शब्द शीर्षकात घेऊन त्याची दिशा नेमकी उलटी केली आहे. इथे जर्मानिक टोळ्यांची माणसे आजची साधी, घरगुती जर्मन बोलतात आणि रोमन मात्र लॅटिन बोलतात. परिणामी मूळ जर्मन प्रेक्षकाच्या दृष्टीने ज्यांचे बोलणे कळत नाही ते ‘बर्बर’ म्हणजे रोमन ठरतात. याविषयी एकही भाषण न देता, केवळ कोणी कोणत्या भाषेत बोलायचे एवढे ठरवून हे साधले आहे, आणि पहिल्या भागातली सर्वांत बुद्धिमान गोष्ट म्हणून मी याच निर्णयाकडे बोट दाखवीन.

मराठी ऐतिहासिक मालिकांची सवय असलेल्या प्रेक्षकाला या निर्णयाचे मोल लवकर कळेल. आपल्याकडे मोगल सरदार मराठीच बोलतो, फक्त मध्ये दोनचार उर्दू शब्द पेरतो आणि डोळे जरा अधिक वटारतो. संवाद सर्वांना कळावेत ही त्यामागची अडचण खरी आहे आणि तिला कोणी हसू नये. पण त्यामुळे एक मोठी गोष्ट हातची जाते. राज्य परके आहे म्हणजे हुकूम अशा भाषेतून येतो, जी ऐकणाऱ्याला दुसऱ्या कोणाकडून तरी समजावून घ्यावी लागते, आणि तो ‘दुसरा कोणी’ गावातला सर्वांत महत्त्वाचा माणूस होऊन बसतो. दोन्ही भाषा जाणणाऱ्या माणसाच्या हाती किती सत्ता असते, आणि त्याच्यावर दोन्ही बाजूंचा किती संशय असतो, हाच या मालिकेचा खरा विषय आहे. पहिला भाग त्या विषयाच्या अगदी दारापर्यंत येतो, आणि मग अधूनमधून भलत्याच वाटेला लागतो.

मालिकेची जुजबी माहिती आधी देतो. आर्न नोल्टिंग, यान मार्टिन शार्फ आणि आंद्रेआस हेकमान यांनी ती उभी केली. पहिल्या हंगामाचे दिग्दर्शन बार्बरा एडर आणि स्टीव्ह सेंट लेजर यांचे आहे. त्याचे चित्रीकरण हंगेरीत झाले. सहा भागांचा पहिला हंगाम ऑक्टोबर २०२० मध्ये आला, दुसरा ऑक्टोबर २०२२ मध्ये. पहिला भाग साधारण पाऊण तासाचा असून त्याच्या नावातच लांडगा आणि गरुड आहेत, म्हणजे रानातली माणसे आणि रोमन सैन्याचे चिन्ह. विषय इ.स. ९ मधील ट्युटोबुर्गच्या जंगलातील लढाईचा आहे, जिच्यात पब्लियस क्विंक्टिलियस वारुस या रोमन सुभेदाराची सतरावी, अठरावी आणि एकोणिसावी अशी तीन लीजन्स (रोमन सैन्याच्या सुमारे पाच हजारांच्या तुकड्या), सहाय्यक पथके धरून पंधरा ते वीस हजार माणसे, वाटेतच कापली गेली. या तिन्ही लीजन्सचे क्रमांक रोमने पुन्हा कधीही वापरले नाहीत. पहिल्या भागात अर्थातच ही लढाई नाही. त्यात आहे ती ठिणगी.

कथानक थोडक्यात असे. चेरुस्की टोळीच्या गावात सेगेस्टेसची मुलगी टुस्नेल्डा हिचे लग्न तिच्या मनाविरुद्ध ठरत आहे. तिचे मन आहे फोल्क्विन या लढवय्या तरुणावर. वेगवेगळ्या टोळ्यांचे प्रमुख रोमन खंडणीबद्दल काय करावे याची खल करण्यासाठी जमले असताना रोमनांचीच स्वारी येऊन वाढीव मागणी समोर ठेवते, प्रमुखांना सर्वांदेखत मान खाली घालावी लागते, आणि झटापटीत टुस्नेल्डाच्या धाकट्या भावाला रोमन सैनिकांच्या हातून कायमची इजा होते. मग टुस्नेल्डा, फोल्क्विन आणि त्यांचे साथीदार रात्री रोमन छावणीत शिरून लीजनचे मानचिन्ह असलेला धातूचा गरुडच पळवतात. दुसरीकडे सुभेदार वारुसच्या हाताखाली आर्मिनियस नावाचा अधिकारी आहे, जो मुळात याच टोळीच्या प्रमुखाचा मुलगा असून लहानपणी ओलीस म्हणून रोमला नेला गेला आणि वारुसच्या छायेत वाढला. गरुड परत आणण्याचे काम त्याच्यावर येऊन पडते.

यातला खंडणीचा प्रसंग पहिल्या भागाचा कणा आहे आणि तो उत्तम वठला आहे. रोमन अधिकारी आरडाओरडा करीत नाही. तो मागणी सांगतो आणि वाट पाहतो. प्रमुखांच्या चेहऱ्यांवर आधी हिशेब दिसतो, इतकी जनावरे, इतके धान्य, हिवाळ्याला उरणार किती, आणि अपमान त्यानंतर दिसतो. हा क्रम मला फार आवडला, कारण बंडाची कारणे बहुधा याच क्रमाने येतात. कॅसियस डिओ या इतिहासकाराने वारुसवर ठेवलेला ठपकाही असाच आहे: तो या लोकांना गुलामांना द्यावेत तसे हुकूम देऊ लागला आणि जिंकलेल्या प्रजेकडून घ्यावा तसा पैसा वसूल करू लागला. व्हेलियस पॅटर्क्युलस, जो स्वतः जर्मानियात, पुढे सम्राट झालेल्या टायबेरियसच्या हाताखाली लढला होता, तो वारुसच्या आधीच्या कारकिर्दीबद्दल याहून बोचरे लिहितो. त्याच्या मते वारुस सिरियात शिरला तेव्हा सुभा श्रीमंत आणि वारुस गरीब होता. बाहेर पडला तेव्हा वारुस श्रीमंत आणि सुभा गरीब झाला होता.

अशा वसुलीचे प्रत्यक्ष रूप कसे असे, याचे एक उदाहरण रोमन इतिहासकार टॅसिटसने नोंदवले आहे आणि पटकथाकारांनी ते वाचले असावे अशी मला दाट शंका आहे. उत्तरेकडच्या फ्रिजियन लोकांवर रोमन सेनापती ड्रूससने बैलाच्या कातड्यांची माफक खंडणी बसवली होती. पुढे ओलेनियस नावाच्या अधिकाऱ्याने कातड्याचे माप ठरवताना पाळीव बैलाऐवजी प्रचंड रानबैलाचे कातडे नमुना म्हणून धरले. मागणीचा आकडा तोच राहिला, माप तेवढे बदलले. लोकांनी आधी बैल दिले, मग जमिनी, मग बायकामुले गुलाम म्हणून गेली, आणि इ.स. २८ मध्ये तिथे बंड पेटले. खंडणीचा प्रसंग पाहताना मला हे कातड्याचे माप सारखे आठवत होते, आणि पटकथेने असा एखादा ठोस, क्षुद्र, कागदी तपशील घेतला असता तर प्रसंग दुप्पट भेदक झाला असता असे वाटत राहिले. मालिकेतली मागणी फक्त ‘जास्त’ आहे. ती कशी आणि कोणत्या मापाने जास्त झाली हे कळत नाही.

इथूनच माझ्या तक्रारीला सुरुवात होते. राग सार्वजनिक आहे तोवर कथा भक्कम उभी राहते. तो खासगी होऊ लागला की ती ओळखीची होते. भावाची इजा, नको असलेले लग्न, चोरून होणाऱ्या भेटी, हे सगळे पाहणाऱ्याला गुंतवण्यासाठी आणलेले आहे आणि ते गुंतवतेही. पण त्यामुळे एका सबंध प्रदेशाचे दुखणे तिघा तरुणांच्या सूडकथेत आटते. फोल्क्विन हे पात्र पूर्णपणे काल्पनिक आहे. काल्पनिक पात्राला माझी मुळीच हरकत नाही, परंतु त्याच्यामुळे आर्मिनियस, टुस्नेल्डा आणि फोल्क्विन असा जो त्रिकोण पहिल्याच भागात आखून ठेवला आहे, त्याच्या रेषा इतक्या जाड आहेत की पुढे काय होणार याचा अंदाज भाचीने विसाव्या मिनिटाला केला आणि तो बव्हंशी खरा निघाला.

गरुडाच्या चोरीचा प्रसंग पाहायला थरारक आहे, यात वाद नाही. अंधार, पाऊस, पहारा, श्वास रोखून चाललेली पावले, हे सारे दिग्दर्शनाने नेटके बांधले आहे. पण प्रत्येक लीजनला असा एकच गरुड असे. रोमन लेखक थोरल्या प्लिनीच्या म्हणण्याप्रमाणे इ.स.पू. १०४ मध्ये सेनापती मारियसने गरुडाला लीजनचे मुख्य चिन्ह ठरवले. छावणीच्या मध्यभागी, इतर निशाणांसह, देव्हाऱ्यासारख्या खोलीत तो ठेवला जाई आणि तिथे पहारा असे. तो नेणारा सैनिक वेगळा मान मिळवून असे, आणि गरुड गमावणे ही संपूर्ण लीजनची नामुष्की मानली जाई. असा गरुड चार तरुण रात्रीत पळवतात हे पचायला जड जाते, आणि कोणत्याही जुन्या लेखकाने लढाईपूर्वी गरुड चोरीला गेल्याचे सांगितलेले नाही. गरुड गेले ते लढाईत. ते परत मिळाल्याची कथा मात्र खरोखरच एखाद्या मालिकेला शोभेल अशी होती: एक इ.स. १५ मध्ये ब्रुक्टेरी टोळीकडून, दुसरा पुढच्या वर्षी मार्सी टोळीकडून रोमन सेनापती जर्मानिकसच्या मोहिमांत परत मिळाला, आणि तिसरा थेट इ.स. ४१ मध्ये, सम्राट क्लॉडियसच्या काळात हाती आला. बत्तीस वर्षे एक राज्य एका धातूच्या पक्ष्याच्या मागावर होते. हे खरे असताना चोरीची कल्पना रचावी लागली, याचा अर्थ पटकथाकारांना पहिल्या भागाच्या शेवटी काहीतरी ‘घडायला’ हवे होते. मालिकेच्या व्यवहारात हे समजण्यासारखे आहे. इतिहासाच्या बाजूने थोडे हळहळण्यासारखे.

वारुसची भूमिका गाएतानो आरोनिका या इटालियन नटाने केली आहे आणि रोमनांच्या बाजूचे सगळे वजन त्यानेच पेलले आहे. त्याचा वारुस दुष्ट नाही. तो सुसंस्कृत, थोडासा कंटाळलेला, आर्मिनियसविषयी मनापासून जिव्हाळा असलेला माणूस आहे. या जिव्हाळ्यामुळे पुढचा विश्वासघात अधिक जळजळीत होणार, ही मांडणी नाट्याच्या दृष्टीने चोख आहे. इतिहासात मात्र आर्मिनियस वारुसच्या घरी वाढल्याचा काहीही पुरावा नाही. व्हेलियस एवढेच सांगतो की तो सेगिमेर या प्रमुखाचा मुलगा, तरुण, तल्लख, पूर्वीच्या मोहिमांत रोमनांबरोबर लढलेला, आणि रोमन नागरिकत्वासह अश्ववर्गाचा, म्हणजे रोममधील एका वरिष्ठ वर्गाचा, दर्जा मिळालेला असा होता. मालिकेतल्या वारुसमध्ये मला आणखी एक उणीव जाणवली. खऱ्या वारुसने सिरियाचा सुभेदार असताना इ.स.पू. ४ मध्ये ज्यूंचे बंड मोडून काढले आणि ज्यू इतिहासकार जोसीफसच्या म्हणण्याप्रमाणे सुमारे दोन हजार लोकांना क्रूसावर चढवले. बंड म्हणजे काय आणि ते कसे चिरडतात, याचा ज्याला एवढा अनुभव आहे त्याने जर्मानियात सगळे आलबेल आहे असे मानावे, यातच त्याची खरी शोकांतिका आहे. पहिल्या भागातल्या वारुसच्या मऊ आवाजामागे हे दोन हजार क्रूस दिसत नाहीत.

आर्मिनियस झालेला लॉरेन्स रुप हा ऑस्ट्रियन नट सुरुवातीला मला फारच कोरा वाटला. नंतर लक्षात आले की तो कोरेपणा जाणूनबुजून घेतलेला आहे. दोन्हीकडे नीट बसत नसलेला माणूस चेहऱ्यावर काहीच उमटू न देण्याची शिस्त लावून घेतो, आणि रुपने ती शिस्त मानेच्या ताठपणात आणि तोलून बोललेल्या लॅटिनमध्ये आणली आहे. टॅसिटसने सांगितलेला एक प्रसंग इथे आठवल्याशिवाय राहत नाही. इ.स. १६ मध्ये वेझर नदीच्या दोन काठांवर आर्मिनियस आणि त्याचा रोमनांच्या सेवेत राहिलेला भाऊ फ्लावस हे दोघे समोरासमोर उभे राहिले आणि पाण्यावरून एकमेकांशी भांडले. फ्लावसने रोमच्या नोकरीत डोळा गमावला होता. त्याने मिळालेली बक्षिसे मोजून दाखवली, आणि आर्मिनियसने त्याला गुलामगिरीची ही मजुरी फार स्वस्त आहे असे हिणवले. टॅसिटस पुढे नोंदवतो की या भांडणात आर्मिनियसच्या बोलण्यात बरेचसे लॅटिन मिसळत होते, कारण रोमन छावणीत त्याने आपल्याच लोकांच्या तुकडीचे नेतृत्व केले होते. स्वातंत्र्याची बाजू मांडताना जेत्याची भाषा तोंडात येते, आणि तीही सख्ख्या भावाशी भांडताना! मालिकेने भाषेचा जो निर्णय घेतला त्याला याहून जुना आणि याहून चांगला आधार सापडणार नाही.

टुस्नेल्डाच्या भूमिकेतील जान गुर्सो पहिल्या भागावर सर्वांत ठळक छाप पाडते. तिच्या रागात आक्रस्ताळेपणा नाही. भाऊ जखमी झाल्यानंतरचे तिचे गप्प राहणे चोरीच्या सगळ्या धावपळीपेक्षा अधिक लक्षात राहते. इतिहासातली टुस्नेल्डा आपल्याला फार थोडी माहीत आहे. तिचे नाव देखील फक्त ग्रीक भूगोलकार स्ट्रॅबोने टिपले आहे. वडिलांनी दुसऱ्याला शब्द दिलेला असताना आर्मिनियसने तिला पळवून नेले, म्हणजे नको असलेल्या लग्नाचा धागा मालिकेने हवेतून आणलेला नाही. पुढे इ.स. १५ मध्ये ती गरोदर असताना तिच्या वडिलांच्या बाजूकडून रोमनांच्या हाती पडली आणि इ.स. १७ मध्ये जर्मानिकसच्या विजययात्रेत रोमच्या रस्त्यांवरून मिरवली गेली. सेगेस्टेस, तिचा बाप, सन्मानाच्या जागेवरून ते पाहत होता. गंमत म्हणजे बोलीभाषेतल्या जर्मनमध्ये तिच्या नावाचे आखडते रूप, ‘टुसी’, नटव्या, उथळ मुलीसाठी हेटाळणीने वापरतात. भाचीला ही शिवी माहीत होती, पण ती इतकी जुनी आणि इतकी अन्यायाची आहे हे माहीत नव्हते. मालिकेने तिला कथेच्या मध्यभागी आणले, हे त्या नावाचे थोडेफार देणे फेडण्यासारखे आहे. फोल्क्विन झालेला डेव्हिड श्युटर उमदा दिसतो, चांगला धावतो. पहिल्या भागात त्याच्याकडून याहून अधिक काही मागितलेलेही नाही.

गावाच्या दृश्यरूपाविषयी माझे मत मिश्र आहे. झाडीत दडलेली वस्ती, धुराने काळवंडलेली लांब घरे, ओली माती, ही वातावरणनिर्मिती छान आहे. पण सगळीकडे तीच मळकट राखाडी छटा आणि अंगावर इतकी कातडी व फर की, हे लोक विणकाम जाणत होते याचा विसर पडावा. हे लोक लोकरीचे विणलेले कपडे वापरत, केसांची निगा राखत. उत्तर जर्मनीत ओस्टरबी येथे दलदलीत सापडलेल्या एका डोक्यावरचे केस कानाजवळ इतक्या कुशलतेने गाठ मारून बांधलेले आहेत की आजही ती गाठ सुटलेली नाही. रोमनांनी यांना रानटी म्हटले, आणि त्यांची बाजू घेणारी मालिका त्यांना पोशाख मात्र रोमनांच्या कल्पनेतलाच चढवते. रोमन बाजूचे लोखंडी पट्ट्यांचे चिलखत योग्य काळाचे आहे. ओस्नाब्र्युक शहराजवळच्या काल्क्रीझे येथे, जिथे बहुतेक अभ्यासक या लढाईची जागा मानतात, २०१८ मध्ये असे जवळजवळ संपूर्ण चिलखत मातीतून निघाले. या जागेचा शोधही अलीकडचाच. १९८७ मध्ये टोनी क्लन या ब्रिटिश सैन्याधिकाऱ्याला तिथे रोमन नाणी आणि गोफणीच्या शिशाच्या गोळ्या सापडल्या आणि शतकानुशतके चाललेल्या वादाला प्रथमच ठोस पाया मिळाला. छावणीत माणसे मात्र मोजकीच दिसतात. पाच हजारांची लीजन उभी करायला पैसा लागतो आणि तो इथे नव्हता, हे लपत नाही.

मला खटकलेली सर्वांत मोठी गोष्ट या भागात जे नाही ती आहे. पहिला भाग पाहून असे वाटते की एका बाजूला गाव आणि दुसऱ्या बाजूला छावणी, मध्ये फक्त जंगल. डिओ सांगतो ते याहून गुंतागुंतीचे आहे: नवी शहरे वसत होती, लोक बाजार भरवू लागले होते, रोमन रीतीला हळूहळू सरावत होते आणि आपण बदलत आहोत हे त्यांच्या ध्यानातही येत नव्हते. बराच काळ ही अतिशयोक्ती मानली गेली. मग हेसेमधील वाल्डगिर्मेस येथे ऱ्हाइनच्या पूर्वेला एक रोमन शहर उकरून निघाले, मध्यभागी सभाचौक असलेले, आणि २००९ मध्ये तिथल्या विहिरीतून सोन्याचा मुलामा दिलेले कांस्याचे घोड्याचे डोके वर आले. कोणीतरी तिथे भव्य अश्वारूढ पुतळा उभारला होता, आणि कोणीतरी तो फोडला. या दोन ‘कोणीतरीं’च्या मधल्या वर्षांत जे लोक रोमशी व्यापार करून, नागरिकत्व मिळवून, मुलांना लॅटिन शिकवून पुढे जात होते त्यांची बाजू सेगेस्टेसच्या तोंडी घालता आली असती. खऱ्या सेगेस्टेसने कटाची खबर वारुसला आधीच दिली होती आणि वारुसने ती मानली नाही. मालिकेत बर्नहार्ड श्युट्झने रंगवलेला सेगेस्टेस पहिल्याच दर्शनात स्वार्थी आणि लाचार दिसतो, त्यामुळे रोमच्या बाजूने शहाणपणाने बोलू शकेल असा गावात कोणी उरतच नाही. प्रतिकाराची कथा सांगताना सहकार्य करणाऱ्याला इतके स्वस्त करू नये, कारण मग प्रतिकार करणाऱ्याची निवडही स्वस्त होते.

आपल्याकडे रोम आला तो गिऱ्हाईक म्हणून. कोल्हापुरात ब्रह्मपुरीच्या उत्खननात सापडलेली पोसायडनची कांस्यमूर्ती टाउन हॉल संग्रहालयात ज्यांनी पाहिली असेल, त्यांच्या मनातला रोम हा दूरच्या बंदरांतून येणाऱ्या देखण्या मालाचा रोम असतो. तोच रोम कराची यादी घेऊन दारात उभा राहिला की कसा दिसतो, हे पाहण्यासाठी तरी हा भाग उपयोगी आहे.

या विषयाला हात घालताना जर्मन निर्मात्यांच्या पायात जी बेडी होती तिचा उल्लेख करायला हवा. आर्मिनियसला ‘हर्मान’ करून एकोणिसाव्या शतकाने राष्ट्रपुरुष बनवले. डेटमोल्डजवळ अर्न्स्ट फोन बांडेलने १८३८ ते १८७५ अशी जवळजवळ चार दशके खपून उभारलेले स्मारक चौथऱ्यासह त्रेपन्न मीटर उंच आहे आणि हातातली तलवार उगारून फ्रान्सच्या दिशेने पाहते. नंतर नाझींनीही हा नायक वापरला, आणि १९४५ नंतर त्याच्याविषयी मोठ्या आवाजात बोलणे जर्मनीत अवघड झाले. त्या काळी ‘जर्मन राष्ट्र’ नावाची गोष्टच नव्हती. होत्या त्या चेरुस्की, ब्रुक्टेरी, मार्सी, चात्ती अशा एकमेकींशी भांडणाऱ्या टोळ्या. पहिल्या भागातल्या सभेत हे भांडण मनसोक्त दाखवले आहे. एकमेकांवर कुरघोडी करणारे, जुनी उणीदुणी काढणारे, रोमपेक्षा शेजाऱ्यावर अधिक चिडलेले प्रमुख पाहताना आपल्या ग्रामसभा आठवून हसू येते, आणि स्मारकावरचा एकसंध, तांब्याचा हर्मान आपोआप ढासळतो. पुढे इ.स. २१ च्या सुमारास आर्मिनियस मारला गेला तो रोमनांकडून नव्हे, आपल्याच नातलगांच्या कपटाने. सभेच्या त्या प्रसंगात याची बी पेरलेली आहे असे मी मानतो. कर्त्यांनी ती मुद्दाम पेरली की ती आपोआप पडली, हे ठरवायला पहिला भाग पुरेसा नाही.

पाहणाऱ्यांसाठी दोन व्यावहारिक सूचना. इंग्रजी आवाजात हा भाग पाहू नये. मूळ जर्मन आवाज आणि उपशीर्षके ठेवावीत, जर्मन येत नसले तरी. दोन भाषांच्या नादातला फरक कानाला न शिकवता कळतो, आणि तो गेला तर उरते ती चिखलातली आणखी एक तलवारबाजी. दुसरे असे की रक्तपात उघडा आहे आणि शृंगारही, त्यामुळे लहान मुलांना सोबत घेऊन बसण्याची ही मालिका नव्हे. दिवाणखान्यात आजोबा आणि नातवंडे दोन्ही असतील तर रिमोट हाताशी ठेवावा.

पहिल्या भागाच्या बळावर पुढचे पाच पाहावेत का, असे विचाराल तर माझे उत्तर होकारार्थी आहे, आणि त्याचे कारण त्रिकोणी प्रेमही नाही, गरुडही नाही. आर्मिनियसला ज्या गावात पाठवले जात आहे तिथे त्याला त्याच्या लहानपणीच्या भाषेत बोलावे लागणार आहे, आणि ती भाषा त्याच्या तोंडात अजून कितीशी उरली आहे हे मला ऐकायचे होते. भाचीने दुसरा भाग त्याच रात्री लावला. या वेळी लॅटिन सुरू झाले तेव्हा तिने वही काढली.